बंद खोलीतला सूर

माझी बायको तुळजा हिला जाऊन येत्या मार्गशीर्षात वर्ष होईल. मी लिहिणारा माणूस नाही. दौंडच्या लोको शेडमध्ये इंजिनं पुसण्यात आणि बोल्ट आवळण्यात माझी हयात चालली आहे. पण हल्ली घोडनदीला गेलो की बाजारात लोक मला बघून बोलणं थांबवतात. मेव्हण्याचं नाव यानंच बुडवलं, असं त्यांचं म्हणणं. त्यांना अर्धंच माहीत आहे. उरलेलं अर्धं मला आणि आणखी दोघातिघांनाच माहीत आहे, म्हणून लिहितो.

संपत माझा मेव्हणा, तुळजाचा धाकटा भाऊ. शिरूरला राहायचा. शिरूरला आम्ही सगळे घोडनदीच म्हणतो. त्याचा बाप सनईवाला, संपतही सनईवाला. पण संपत सूर धरायचा. सनईच्या पार्टीत दोन सनया असतात. एक गाणं वाजवते. दुसरी एकच सूर धरून राहते, पहिल्यापासून शेवटपर्यंत. गालात वारा साठवायचा, नाकानं श्वास ओढायचा आणि सूर तुटू द्यायचा नाही. लग्नात बक्षिसी मिळते ती गाणं वाजवणाऱ्याला. सूर धरणाऱ्याचं नाव कुणी विचारत नाही.

संपत हौसरावांच्या पार्टीत सूर धरायचा. हौसराव म्हणजे त्या भागातले सगळ्यात मोठे सनईवाले. कुणाचंही मोठं लग्न असलं की आधी हौसरावांची तारीख बघायची आणि मग भटजीला विचारायचं, असं लोक चेष्टेनं म्हणायचे. संपतला त्यांच्यासारखं व्हायचं होतं. दुसरं काही त्याच्या डोक्यात नव्हतं. एकदा त्यानं हौसरावांना विचारलं, की एखाद्या लग्नात मला पुढं वाजवू द्या. हौसराव सगळ्या पार्टीसमोर म्हणाले, "तुझी छाती म्हंजी फुटका भाता. सूर धरतोस तेच लई हाय." सगळे हसले. संपतनं सनई गुंडाळली आणि तिथून जो उठला तो थेट दौंडला आमच्या क्वार्टरवर आला.

ही चौऱ्याहत्तर सालची, दिवाळीनंतरची गोष्ट.

तुळजाला आनंद झाला. आम्हाला मूलबाळ नव्हतं, आणि आई गेल्यावर संपतला तिनंच वाढवला होता. तिनं त्याला भाकरी वाढली आणि म्हणाली, "मग आता काय करणार? इंजिनं पुसणार का दाजींसंगं?"

"इंजिनापुढं सनई वाजवीन. शिटी तरी सुरात वाजंल."

"आन् सूर कोण धरंल? कोळसेवाला?"

तो जेवता जेवता थांबला. म्हणाला, "आक्का, तू धर की."

मला तेव्हा कळलं की माझ्या बायकोला सनई वाजवता येते. लग्नाला इतकी वर्षं झाली होती आणि मला माहीत नव्हतं. संपत लहान होता तेव्हा बापाला घरात रियाजाला सूर धरायला कुणी नव्हतं, म्हणून त्यानं पोरीला शिकवलं होतं. घरातच, बाहेर कधी नाही. बाईनं सनई तोंडाला लावायची नसते, असं त्यांच्यात होतं. सनई दारात वाजते, वरातीपुढं वाजते. तिथं बाईचं काय काम, असं. सासरी आल्यावर तिनं तो विषयच काढला नव्हता.

तिनं माझ्याकडं बघितलं. मी म्हणालो, "धर की. मला काय?"

ती लाजली. मग तिनं ट्रंकेच्या तळातून बापाची जुनी सनई काढली. दुसऱ्या दिवशी मी ड्युटीवरून आलो तर दार आतून लावलेलं. खिडकीत वाकळ कोंबलेली. दाराखालच्या फटीत पोतं. आतून दोन सनयांचा आवाज येत होता. दबलेला, जसं कुणी तोंडावर हात धरून गातंय. शेडच्या गोंगाटात शेजारच्यांना तो ऐकू गेला नसता, पण संपत कुणावर विश्वास ठेवायला तयार नव्हता. बहिणीच्या सुरावर तयार झाला असं घोडनदीला कळलं, तर त्याला कुणी दारात उभं केलं नसतं. पोरासोरांनी टाळ्या पिटल्या असत्या.

तुळजाचा सूर चांगला होता. मला गाण्यातलं कळत नाही, पण एवढं सांगतो, तो हलायचा नाही. संपत तिच्या सुरावर कुठंही जाऊन परत यायचा. दार उघडलं की दोघं घामानं भिजलेली असायची आणि तोंडं सुजल्यासारखी. तुळजा हसायची. "गाल बघा माझं. माकडावानी झाल्यात." त्या हिवाळ्यात ती जितकी हसली तितकी मी तिला कधी हसताना बघितली नव्हती.

संपतला खोकला होता. तो आला तेव्हापासूनच होता. शेडचा धूर आमच्या क्वार्टरांवर पडतो, तिथं सगळेच खोकतात, म्हणून मला काही वाटलं नाही. तो म्हणायचा, "धुरानं हाय, दाजी. तुमच्या इंजिनाला सांगा जरा कमी वढायला." संध्याकाळी त्याचं अंग तापायचं. पहाटे त्याची बंडी पिळून काढावी इतकी ओली असायची. तुळजा ती धुवायची आणि आतल्या दोरीवर वाळत टाकायची, बाहेर नाही. खिडकी दिवसभर बंदच राहू लागली. वाकळ काढायची आणि परत कोंबायची, यापेक्षा राहू दे म्हणायची.

संक्रांतीनंतर तीही खोकायला लागली.

मी म्हणालो, "रेल्वेच्या दवाखान्यात चल. फुकट हाय."

"बघू लगीनसराईनंतर."

"आता काय होतंय?"

"डॉक्टर इचारणार, घरात आणखी कोण खोकतंय म्हणून."

ती भाकरी थापत होती. तिनं वर बघितलं नाही. मी पुढं विचारलं नाही. तिनं जे ठरवलं ते ठरवलं, हे मला ठाऊक होतं.

वैशाखात संपतला संधी आली. घोडनदीच्या मार्केट यार्डातल्या एका आडत्याच्या मुलाचं लग्न होतं आणि हौसराव त्याच दिवशी दुसऱ्या वरातीला बांधलेले होते. आडत्यानं संपतला बोलावलं. सूर धरायला संपतनं म्हाळू नावाच्या ओळखीच्या माणसाला घेतलं. आम्ही नवराबायको न्हावऱ्यावरून जाणाऱ्या एसटीनं गेलो. तुळजानं ठेवणीतलं हिरवं लुगडं नेसलं होतं. ते तिच्या अंगावर सैल झालं होतं.

घोडनदीत दोन वराती एकाच दिवशी असल्या की त्या मारुतीच्या देवळापाशी समोरासमोर येतात. तिथला रिवाज असा, की आधी कुणी थांबायचं नाही. दोन्ही सनईवाले एकमेकांपुढं उभं राहून वाजवतात. ज्याचं गाणं थांबेल किंवा ज्याचा सूर तुटेल, त्याची वरात बाजूला होते आणि दुसरीला वाट देते. नवरदेव घोड्यावर ताटकळतात, वऱ्हाडी शिट्ट्या मारतात, पण मध्ये पडत नाही कुणी.

हौसराव आणि संपत समोरासमोर आले. हौसरावांनी संपतला बघून सनई तोंडातून न काढता भुवया उंचावल्या. गर्दीतून कुणीतरी ओरडलं, "ए भाता, फुंक." लोक हसले. संपतनं डोळे मिटले आणि वाजवायला सुरुवात केली.

किती वेळ चाललं ते मला सांगता येत नाही. ऊन उतरून गेलं होतं. संबळवाल्यांचे हात भरून आले. म्हाळूच्या मानेच्या शिरा टरारल्या होत्या, पण तो कसाबसा टिकून होता. बायकांच्या घोळक्यात तुळजा उभी होती. तिचे गाल फुगलेले मी बघितले. तिच्या तोंडात काही नव्हतं, तरी ती सूर धरून उभी होती. मग हौसरावांकडचा सूर फाटला. एकदा घसरला, परत धरला, आणि तुटला. हौसरावांनी सनई खाली केली. वऱ्हाड नाचायला लागलं. संपतला कुणीतरी खांद्यावर घेतलं.

तो खाली उतरला तेव्हा मी त्याच्यापर्यंत गेलो. तो देवळाच्या मागच्या भिंतीकडं तोंड करून थुंकत होता. उपरण्याला लाल लागलं होतं.

"काय रे हे?"

"पान हाय, दाजी."

परतीच्या एसटीत मी तुळजाला ते सांगितलं. ती खिडकीबाहेर बघत होती. बाहेर बघतच म्हणाली, "सनई वाजवताना पान कोण खातंय?"

मग तिनं पदर तोंडाला लावला आणि न्हावरं येईपर्यंत खोकत राहिली.

त्या दिवसानंतर संपतचं नाव झालं. तो घोडनदीला परत राहायला गेला. शिक्रापूरपासून श्रीगोंद्यापर्यंत त्याला बोलावणी यायला लागली. तुळजा आषाढात अंथरुणाला लागली, तेव्हा मी तिचं काही न ऐकता तिला उचलून दवाखान्यात नेलं. डॉक्टरांनी छातीचा फोटो काढला. दोन्ही फुप्फुसं गेली होती. डॉक्टर तरुण होते, माझ्यावर चिडले. "आधी का नाही आणलंत? हे बरं होतं आता. सुया आहेत, गोळ्या आहेत. दीड वर्ष नियमानं घेतलं की माणूस उठून कामाला लागतो." मग त्यांनी विचारलं, "घरात आधी कोणाला होतं?"

तुळजा कॉटवरून माझ्याकडं बघत होती. मी म्हणालो, "म्हाईत न्हाई."

सुया सुरू झाल्या. उशीर झाला होता. दिवाळीत ती दोन दिवस उठून बसली, चिवड्याला मीठ जास्त पडलंय म्हणाली. मला वाटलं उतार पडला. मार्गशीर्षात ती गेली.

जायच्या आधी तिनं मला जवळ बसवून दोन गोष्टी सांगितल्या. "संप्याला सुया घ्यायला लावा." आणि लगेच, "त्याचं नाव बाहेर घालवू नका. लई मेहनतीनं झालंय."

मी दोन्हीला होय म्हणालो. त्या दोन गोष्टी एकत्र होणाऱ्या नव्हत्या हे मला नंतर कळलं. लगीनसराईत रोज फुंकणारा माणूस रोज सुई घ्यायला कुठं जाणार? आणि गेला तर सगळ्या गावाला कळणार. मग दारात कोण उभं करणार? शुभकार्याला क्षयाचा माणूस कुणी बोलावत नाही.

दहाव्याला संपत आला. हाडांचा सापळा झाला होता, पण अंगावर रेशमी सदरा होता. मी त्याला बाजूला घेऊन सांगितलं. तो रडला, माझे पाय धरले, घेतो म्हणाला. तिथूनच तो कारेगावच्या लग्नाला गेला. जाताना घरातून बापाची सनई घेऊन गेला, तुळजा वाजवायची ती. मला वाटलं, आठवण म्हणून नेली.

फाल्गुनात त्यानं लग्न केलं. मला बोलावणं आलं पण माझं मन झालं नाही. बायको नकुशी नावाची, गरिबाघरची, फार लहान वयाची. चैत्रात मला राहवेना. सुट्टी काढली आणि घोडनदीला गेलो. भर दुपारची वेळ, गल्लीत कुत्रंसुद्धा नव्हतं. सगळ्यांची दारंखिडक्या वाऱ्यासाठी उघडी. संपतचं दार बंद. खिडकीत वाकळ.

आतून दोन सनया ऐकू येत होत्या.

मी तिथंच उभा राहिलो. दुसऱ्या सनईचा सूर कच्चा होता, मध्ये मध्ये हलत होता. तो तुटला की संपतचा आवाज यायचा, "न्हाई, नाकानं वढ. नाकानं." मग खोकला. मग परत सूर. मी दार वाजवलं. त्यांनी वाजवणं थांबवलं नाही. गाणं संपल्यावर दार उघडलं.

खोलीतून उबट वास आला, आमच्या क्वार्टरला यायचा तोच. नकुशी तुळजाची सनई पदराखाली लपवत कोपऱ्यात सरकली. पोरीच्या डोळ्यांखाली काळं होतं.

मी आधी खिडकीतली वाकळ ओढून काढली.

"दाजी, काय करताय?" संपत म्हणाला.

"सुया घेतोस का?"

"घेणार हाय. सराई संपली की."

"हिला माहीत हाय का तुझ्या बहिणीला काय झालं ते?"

नकुशी म्हणाली, "त्यांना धुरानं व्हतं ना? रेल्वेच्या?"

मी तिला सांगितलं, कशानं होतं ते. ती ऐकत राहिली. मग हळूच म्हणाली, "पर म्हाळूआबांचा सूर तुटतोय. नगरची पार्टी येणार हाय म्हणं. तवर कसं सोडू?"

संपत उठला, माझ्या हातातली वाकळ घेतली आणि परत खिडकीत कोंबली. नीट, कोपरे दाबून. त्याला राग आला नव्हता. त्याचं तोंड एखाद्या झोपेत चालणाऱ्या माणसासारखं होतं. म्हणाला, "दाजी, हौसराव अजून म्हनत्यात की संप्या नशिबानं जिंकला. एकदा नगरवाल्यांना हरवू द्या. मग तुम्ही म्हणाल ते."

मी तिथून निघालो आणि सरळ हौसरावांच्या घरी गेलो. तुळजाला दिलेला एक शब्द मोडल्याशिवाय दुसरा पाळता येणार नव्हता. कुठला मोडायचा हे ठरवायला मला गल्लीच्या टोकापर्यंत जाईस्तोवरचा वेळ लागला.

हौसराव ओट्यावर तंबाखू मळत होते. मी त्यांना सगळं सांगितलं. खोकला, सुया, तुळजा, बंद खोली, आता ही पोरगी.

"पाव्हणं, तुम्ही माझाच फायदा कराया आलाय की," ते हसून म्हणाले. मग हसायचे थांबले. "म्हंजी घरात सूर बाईनं धरला व्हता?"

"व्हय."

"बाईच्या सुरावर तयार झाला, आन् त्यानं मला मारुतीपुढं हरवलं."

त्यांना त्या बाईच्या मरणाचं काही नव्हतं. त्यांनी तंबाखू न खाताच झटकून टाकली. "छातीचं मी सांगतो चार जणांना. बाईचं नगा बोलू कुणाला. माझी काय राहती मग?"

आठवडाभरात संपतची सगळी बोलावणी गेली. लोकांना एवढंच कळलं की त्याला क्षय आहे आणि ते त्याच्या दाजीनंच बाहेर फोडलं. म्हाळूनं त्याच्याशी बोलणं सोडलं. नकुशीला तिचा बाप येऊन माहेरी घेऊन गेला. संपत एक दिवस दौंडला येऊन माझ्या दारात उभा राहिला. मला वाटलं, मारायला आलाय. तो म्हणाला, "चला कुठं नेताय ते."

मी त्याला दवाखान्यात नेला. तो माझ्याकडंच राहिला. रोज सुई, रोज गोळ्या. माझ्याशी बोलायचा नाही. खिडकी मी उघडी ठेवायचो आणि तो भिंतीकडं तोंड करून पडायचा. श्रावणापर्यंत त्याचा खोकला गेला, अंगावर मांस धरलं. डॉक्टर म्हणाले, "आता सोडू नका. बरं वाटतंय हाच धोका असतो."

गणपतीत तो घोडनदीला जातो म्हणून गेला आणि आला नाही. तिथल्या दवाखान्यात सुया घेतो, असा निरोप पाठवला. मी चौकशी केली. घेत नव्हता.

काल तो आला. तोंडावर तेज होतं. नगरकडच्या एका पार्टीनं बोलावलंय म्हणाला, तिकडं त्याला कुणी ओळखत नाही. तुळशीच्या लग्नानंतर सराई सुरू होते. पेढे घेऊन आला होता.

"खोकला कसाय?"

"कुठाय खोकला? तुम्हीच ऐका." त्यानं मोठा श्वास घेऊन दाखवला. अर्ध्यावर श्वास अडला, पण आलेला खोकला त्यानं गिळला.

"सूर कोण धरतंय?"

"बघतो कुणीतरी."

"नकुशी कुठं हाय?"

त्यानं पेढ्याचा पुडा सोडला, माझ्यापुढं केला. "आलीय माहेरनं. परवाच. सातवा महिना लागलाय तिला."

मी पेढा घेतला नाही. तो जास्त वेळ थांबलाही नाही. घाई आहे म्हणाला.

आज शेडमध्ये मी रजेचं सांगून आलोय. उद्या पहिल्या एसटीनं घोडनदीला जाणार. नकुशीला दौंडला आणून तिच्या छातीचा फोटो काढायचा, आणि तिच्या बापालाही बोलावून घ्यायचं. ती यायला तयार होईल की नाही, मला माहीत नाही. ती सांगेल ते ऐकायला मी थांबणार नाही. दार आतून लावलेलं असेल हे ठाऊक आहे, म्हणून शेडमधला मोठा पाना पिशवीत घातला आहे.